बिरअण्णांचा शेफर

आमच्या कमलनगरच्या बसस्टँडवर नवा माणूस उतरला की कुठं जायचं ते त्याला कुणी आधी विचारत नाही. काळ्या फ्रेमचा चष्मा लावलेले एक गृहस्थ पुढं येतात, नाव विचारतात, आणि त्यानं ते सांगितलं की म्हणतात, "नाव कळलं. आता अर्थ सांगा."

हे आमचे बिरअण्णा. बिराप्पा मेत्रे. स्टँडवरच कंट्रोलर होते, म्हणजे खिडकीत बसून माइकवरून गाड्या पुकारायचं काम. रिटायर होऊन बरीच वर्षं झाली, पण सकाळी आंघोळ झाली की पाय अजून तिकडंच वळतात. खिडकीत आता दुसरा माणूस बसतो. अण्णा बाहेरच्या बाकावर बसतात आणि उतरणाऱ्या माणसांकडं बघत राहतात.

बँकेत एक नवा साहेब आला होता. तरुण पोरगा, नाव निखिल. अण्णांनी अर्थ विचारल्यावर तो गोंधळला. म्हणाला, "नावाला अर्थ असतो, पण मी कधी विचारला नाही." संध्याकाळी बँक सुटल्यावर तो स्वतःहून बाकापाशी आला. "अण्णा, आईला फोन केला होता. निखिल म्हणजे पूर्ण."

अण्णा म्हणाले, "बघा, सकाळी अर्धेच उतरला होतात. आता पूर्ण झालात. चला, चहा घेऊ."

नोकरीत असतानाची गोष्ट तर अजून सांगतात लोक. खिडकीशी एक बाई उदगीरच्या गाडीची चौकशी करायला आल्या. नाव विचारलं तर अनामिका. अर्थ? जिला नाव नाही ती. अण्णा अडकलेच. "म्हणजे नाव हाय, पण नाव न्हाई. मग तुम्हाला हाक मारली तर कुणाला मारली म्हणायचं?" दोघांची या विषयावर अशी चर्चा रंगली की उदगीरची गाडी पुकारायची राहून गेली. गाडी गेली, बाई राहिल्या. अण्णांनी त्यांना घरी नेऊन जेवू घातलं आणि पुढच्या गाडीत स्वतः बसवून दिलं.

मला या माणसाबद्दल कुणी हसून बोललं तर मीही हसते, पण थोडंच. त्याचं कारण सांगते.

माझं माहेर निंबर्ग्याचं, आळंद तालुक्यातलं. घरात मराठी, गल्लीत कन्नड. तीन मुलींच्या पाठीवर मी झाले. शेजारची एक म्हातारी म्हणाली, हिचं नाव साकव्वा ठेवा, म्हणजे पुन्हा मुलगी होणार नाही. कन्नडमध्ये 'साकु' म्हणजे पुरे. बास. ते नाव घेऊन मी शाळेत गेले आणि तेच घेऊन लग्न होऊन कमलनगरला आले.

सासूबाईंबरोबर पहिल्यांदा या स्टँडवर उतरले तेव्हा अण्णा खिडकीत होते. त्यांनी सासूबाईंना सुनेचं नाव विचारलं. सासूबाई म्हणाल्या, साकव्वा. बाजूच्या चहावाल्याला कन्नड येत होतं. तो हसला. "म्हणजे बास झालं म्हणायचं की." माझी मान खाली गेली. सासूबाईंना काही कळलं नाही. त्या विचारायला लागल्या, कामून हसायलाय रे हा?

अण्णांनी चष्मा काढून पुसला. म्हणाले, "त्याला एकच अर्थ म्हाईत हाय. कन्नडमधी साकणं म्हणजे पोसणं, वाढवणं. कुरी साकणं म्हणजे मेंढरं सांभाळणं. लेकरू बी साकतेत. तुमची सून सांभाळणारी हाय, मावशी. चांगलं नाव घेऊन आलीय."

त्यांनी हे खोटं सांगितलं नव्हतं. शब्दाला तोही अर्थ आहेच. मी कन्नडमध्ये वाढले होते, मला तो रोज ऐकू येत होता, पण माझ्या नावाला तो लागू शकतो असं मला कुणी सांगितलं नव्हतं. सासूबाईंनी गल्लीभर तोच अर्थ सांगितला. माहेरी मी पुरे होते, सासरी आल्या दिवशी सांभाळणारी झाले. पुढं मी शिवणाचं दुकान टाकलं, दोन लेकरं वाढवली, सासूबाईंचं शेवटचं दुखणं काढलं. प्रत्येक वेळी मला वाटायचं, आपल्या नावातच आहे हे.

म्हणून अण्णांची मुलगी संगीता पहिल्या बाळंतपणाला बेंगळूरहून माहेरी आली तेव्हा मी कुणी बोलवायची वाट बघितली नाही. अण्णांच्या बायको, शांताबाई, संगीता कॉलेजात असतानाच गेल्या होत्या. आमच्या शेजारच्या त्या घरात अण्णा एकटेच. शेक-शेगडी, न्हाऊ-माखू, डिंकाचे लाडू सगळं मीच केलं. मुलगा झाला.

अण्णांना काय करू नि काय नको झालं. रोज एक नाव घेऊन यायचे, अर्थासकट. संगीता म्हणायची, "अप्पा, नाव आम्ही ठरवलंय. बारशाला कळेल." अण्णा म्हणायचे, "ठरवा की. फक्त अर्थ असलेलं ठेवा."

बारसं माझ्या दुकानामागच्या हॉलमध्ये झालं. पाळणा सजवला, बायका जमल्या. जावयांची, म्हणजे महेशरावांची बहीण पाळण्यात वाकली, बाळाच्या कानात कुर्र केलं आणि नाव सांगितलं. शेफर.

बायका एकमेकींकडं बघायला लागल्या. मग मागून एका म्हातारीचा आवाज आला, "शेपू? भाजीचं नाव कामून ठेवलाव गं लेकराला?"

दुसरी म्हणाली, "शेपू न्हाई हो. शेफ. मोठ्या हॉटेलात स्वयंपाक करतेत ते."

"मग आचारीच म्हणा की."

अण्णा पुरुषांतून उठून बायकांमधून वाट काढत पाळण्यापाशी आले. म्हणाले, "नाव कळलं. अर्थ?"

महेशरावांनी संगीताकडं बघितलं. संगीता म्हणाली, "जर्मन नाव हाय, अप्पा. ह्यांच्या कंपनीत एक जर्मन साहेब हायत. तुम्ही त्यांनाच इचारा."

पुढच्या रविवारी महेशरावांनी अण्णांच्या घरून त्या साहेबांना व्हिडिओ कॉल लावला. मी बाळाचं न्हाणं उरकून तिथंच बसले होते. पडद्यावर पांढऱ्या केसांचे, लालबुंद गालांचे एक गृहस्थ आले, स्वयंपाकघरात बसलेले. अण्णांनी नमस्कार केला आणि लगेच सुरू केलं. महेशराव मधे बसून इकडचं तिकडं सांगत होते.

"नाव?"

"वेबर."

"अर्थ?"

साहेब मोठ्यानं हसले. म्हणाले, हे मला आजवर कुणी विचारलं नव्हतं. वेबर म्हणजे विणणारा.

"म्हणजे कोष्टी," अण्णा आम्हाला म्हणाले. "इचारा त्यांना, घरात माग हाय का?"

साहेब म्हणाले, पणजोबांच्याही आधी कुणाचा तरी असेल. आता आमच्या घरात फाटका मोजासुद्धा कुणाला शिवता येत नाही. मग त्यांनाही चेव चढला. म्युलर म्हणजे पिठाच्या गिरणीवाला. श्मिट म्हणजे लोहार. श्नायडर म्हणजे शिंपी. अण्णांनी फोन माझ्याकडं वळवला. "ही आमची श्नायडर." साहेब म्हणाले, बाई असेल तर श्नायडरिन म्हणायचं.

अण्णा उठून उभेच राहिले. "ईण. ऐकलीस का साकूबाई? आपल्यासारखंच हाय. माळीण, सोनारीण, श्नायडरीण. ही मंडळी आपल्याला परकी कशी म्हणायची?"

इतकं खूश मी त्यांना शांताबाई गेल्यापासून बघितलं नव्हतं. मग ते खाली बसले आणि म्हणाले, "आता आमच्या नातवाचं सांगा."

साहेब म्हणाले, आमच्याकडं हे आडनाव असतं. पोराला पहिलं नाव म्हणून ठेवलेलं मी तरी ऐकलं नाही, पण शब्द फार जुना आहे. शाफ म्हणजे मेंढी. शेफर म्हणजे मेंढ्या राखणारा.

महेशराव म्हणाले, "मेंढपाळ, मामा. म्हणजे आपल्याकडं धनगर म्हणतात तसं."

अण्णांचा चेहरा होता तसाच राहिला, फक्त त्यातलं हसू गेलं. "बरं," ते म्हणाले. "नमस्कार सांगा त्यांना." आणि चपला घालून बाहेर पडले.

त्यानंतर त्यांनी कुणाला अर्थ विचारला नाही. बाकावर बसायचे, पण उतरणारा माणूस समोरून गेला तरी बघायचे नाहीत. एकानं ओळखीनं स्वतःहून नाव सांगितलं आणि उत्तराची वाट बघत थांबला. अण्णा नुसतं बरं म्हणाले. बँकेचा निखिल माझ्या दुकानात येऊन विचारून गेला, अण्णांची तब्येत बरी आहे ना? घरात ते बाळाला घ्यायचे, खेळवायचे, पण नाव तोंडात येऊ द्यायचे नाहीत. 'बाळ' म्हणायचे. महेशराव बेंगळूरला परत गेले. संगीता माझ्यापाशी रडली. "मला वाटलं होतं, अप्पांना आवडेल."

एके दुपारी मी बाळाला तेल लावत होते. अण्णा पाणी प्यायला आत आले. संगीतानं सरळच विचारलं, "अप्पा, नावावर रागावलाव का?"

अण्णांनी हातातला तांब्या खाली ठेवला. मग भिंतीला टेकून खाली बसले.

"आम्ही मेंढरं घेऊन फिरायचो तवा मला नावच न्हवतं," ते म्हणाले. "म्हणजे आईनं ठेवलेलं होतं. पण कुठल्या गावात कुणी इचारलंय? वाटंनं जाताना ए धनगरा, विहिरीवर गेलो की ए धनगरा. माझ्या बापाला बी तेच आन् मला बी तेच. शाळेत घातलं तवा मास्तरांनी पहिल्यांदा इचारलं, तुझं नाव काय? बिराप्पा म्हणलो. अर्थ काय, तर म्हणलो आमचा देव हाय. मास्तर म्हणले, छान. त्या दिवशी मला वाटलं, आता मी माणसात आलो." त्यांनी बाळाकडं बघितलं. "जे ऐकून ऐकून कान किटले, तेच तू लेकराला कामून ठेवलीस, बाई?"

संगीता त्यांच्याजवळ येऊन बसली. मग म्हणाली, "तुम्ही ड्यूटीवर जायचात तवा मी आज्जाजवळ असायची. आज्जा मला मेंढरांच्याच गोष्टी सांगायचा. कुठलं मेंढरू कुणाचं लेकरू ते सांगायचा. लांडगा आला तवा रात्रभर कसा जागला ते सांगायचा. मला धनगर म्हणलं की आज्जाच दिसतो, अप्पा. ती वाटंवरची माणसं मला म्हाईतच न्हाईत. पण तुम्हाला इतकं लागत असंल तर बदलू नाव. अजून कागदावर काही न्हाई."

मी तेलाचा हात तसाच धरून बसले होते. घरात आणखी कुणी नव्हतं. अण्णा सरकत जवळ आले आणि त्यांनी बाळाला माझ्या पायांवरून उचलून मांडीवर घेतलं. तेलानं ते निसटत होतं, म्हणून दोन्ही हातांनी धरलं. त्याच्या तोंडाकडं बघत राहिले. मग अगदी हळू, झोपलेल्याला उठवावं तसं म्हणाले, "ए धनगरा."

बाळानं त्यांच्याकडं बघितलं आणि पाय झाडले.

"ए धनगरा," अण्णा पुन्हा म्हणाले. आता मोकळ्या आवाजात. संगीता तोंडाला पदर लावून बाहेर गेली. मीही उठले.

दुसऱ्या दिवसापासून बाजारात जर्मनी आली. गिरणीवाला म्युलर झाला. लोहाराच्या दुकानापुढून जाताना अण्णा श्मिटसाहेब म्हणून हात करायला लागले. मला श्नायडरीणबाई म्हणून हाक येते, आणि आता गिऱ्हाइकंही तेच म्हणतात. एका बाईनं तर मला विचारलं, तुमचं आडनाव बदललं का? शेपूवाली म्हातारी अजून शेपूच म्हणते. अण्णा तिला दुरुस्त करत नाहीत. म्हणतात, "म्हणू द्या. प्रेमानं म्हणती."

संगीता बेंगळूरला जायची वेळ आली तेव्हा अण्णा माझ्या दुकानात आले. काखेत कापडात गुंडाळलेलं काहीतरी होतं. उलगडलं तर काळी घोंगडी. जुनी, कडा विरलेली, पण उन्हात वाळवून स्वच्छ ठेवलेली. त्यांच्या वडिलांची. इतकी वर्षं शेजारी राहून मी ती कधी बघितली नव्हती.

"ह्यातली लेकरापुरती काप," ते म्हणाले. "दुपटं शिवून दे. बेंगळूरला थंडी असती म्हणत्यात."

मी कात्री हातात घेतली. "अण्णा, कापू खरंच?"

"काप."

कात्री चालली तेव्हा ते दुकानाच्या दाराकडं तोंड करून उभे राहिले. मी कडा मुडपून मशीनवर घेतल्या तसे वळले आणि माझ्या मागं येऊन थांबले.

"आतून मऊ सुती लाव," ते म्हणाले. "नुसती अंगाला लई टोचती. पण ऊब धरती. मी बापाच्या कुशीत हिच्यातच झोपायचो."

मी कपाटातली माझी सगळ्यात मऊ, धुऊन धुऊन पातळ झालेली साडी काढली आणि तिचं अस्तर लावलं.