मिरोचं ‘अहोय’

शेजारच्या म्हाताऱ्याने पहिल्याच दिवशी कुंपणावरून मला हाक मारली, "अहो!" मी चपापले. आमचे हे जाऊन वर्षं झाली, आणि त्यांनाही ‘अहो’ मीच म्हणायचे. खुरपं उगारूनच मी घरात आले. मुलगा हसून लोळला. "आई, ते ‘अहोय’ म्हणाले. चेक भाषेत तो नमस्कार. निघतानाही तेच म्हणतात."

असेल. पण नमस्कार एवढ्या जोरात कशाला?

हा मिरो. तिकडे त्याने आधी सिनेमे लिहिले, मग टीव्हीच्या मालिका. म्हातारपणी इथे अमेरिकेत, नेपरव्हिलला लेकीकडे आला. त्याचं इंग्रजी मोडकं, माझं त्याहून मोडकं, म्हणून आमचं जमलं. माझ्या ओट्याजवळ बसून तो एकच मराठी शब्द शिकला. मी नातीला "कांदा काप" म्हणत होते, त्यातला "काप" त्याने उचलला.

एकदा बर्फ कोणी काढायचा यावरून मुलगा-सुनेची जुंपली. सून म्हणाली, "काल मी शव्हल केलं, परवा पण मीच. तू फक्त मीटिंगा कर, यार!"

"काप!" मिरो ओरडला, आणि पुढे मोडक्या इंग्रजीत, "शेवटचं वाक्य ठेव. नवऱ्याला संवाद नको. तो उठतो, बूट घालतो."

मुलाने मुकाट्याने बूट घातले.

"पूर्वी सरकारी माणूस माझे संवाद कापायचा," मिरो म्हणतो. "आता माझी पाळी."

सगळ्यांचं कापणाऱ्या या माणसाला स्वतःचा शेवटचा सिनेमा मात्र पुरा होईना. बायको गेल्यापासून अडला होता. लिहिलेलं आधी तिला वाचून दाखवायचा. ती बटाटे सोलत असायची. तिची सुरी थांबली तर प्रसंग ठेवायचा, नाही तर फाडायचा. आता सुरी कुणाची?

"माझी घे," मी म्हटलं. "पण तुझी भाषा मला कळत नाही, आणि भाजी संपेपर्यंत माझा हात थांबत नाही. आधीच सांगते."

हिवाळाभर तो वाचत राहिला, मी चिरत राहिले. कचऱ्याच्या डब्यात देठांपेक्षा त्याचे कागदच जास्त.

परवा भेंडी चिरत होते. वाचता वाचता त्याचा आवाज उतरला, आणि एक शब्द मला कळला.

"अहोय."

तो येतानाचा नव्हता.

मिरोने मान वर केली. पाटावर अर्धी भेंडी तशीच होती.

"फार चिकट आहे मेली," मी म्हटलं, "त्यात माझा अंगठा दुखतोय, शिवाय ही सुरी पण..."

"काप," तो हळूच म्हणाला, आणि कागदांची घडी घालून त्याने खिशात ठेवली.