बाबा, मले आउट द्या

अश्विनला त्या दिवशी लवकर आउट व्हायचं होतं. फार नाही, पंचवीस-तीस धावा काढायच्या, मोतीलाल सरांच्या वहीत नाव चढेल इतपत दोन बरे फटके मारायचे, आणि पावणेदहापर्यंत तंबूत परत. दहाला ऑटो, सव्वादहाला कॉलेज, अकराला फिजिक्सचा पेपर. जन्मात पहिल्यांदा या पोरानं वेळापत्रक आखलं होतं, आणि नेमकं तेच पार पडायचं नव्हतं.

आता हा पेपर म्हणजे साधासुधा पेपर नव्हे. गेल्या वर्षी अश्विन फिजिक्समध्ये आपटला होता आणि विद्यापीठानं दिलेली ही शेवटची संधी होती. यात उडाला की वर्ष गेलं, आणि वर्ष गेलं की विद्यापीठाच्या संघातून खेळायचा हक्कही गेला. बरं, सामनाच सोडून द्यावा म्हटलं, तर जिल्ह्याची ही फायनल बघायला विद्यापीठाचे मोतीलाल सर खास जबलपूरकडून बालाघाटला आलेले. शिबिराची यादी तेच करणार. आणि सरांचा खाक्या असा, की एखाद्याचा विषय राहिलाय असं नुसतं कानावर आलं तरी नावावर काट. म्हणजे खेळायचंही, पेपरही द्यायचा, आणि पेपर आहे हे कोणाला कळूही द्यायचं नाही. इकडे आड, तिकडे विहीर, आणि मधे अश्विन पॅड बांधून उभा.

लवकर आउट होण्याची मात्र त्याला मुळीच काळजी नव्हती. कारण अंपायर होता प्रेमलाल, म्हणजे त्याचा सख्खा बाप.

प्रेमलाल तिरोडीच्या मॅंगनीज खाणीवर हजेरीबाबू होता आणि सुट्टीच्या दिवशी अंपायर. माणूस सरळ, इतका सरळ की घरच्यांनी कपाळ बडवून घ्यावं. 'पोराची बाजू घेतली' असं चार लोकांनी म्हणू नये, म्हणून पोराच्या पॅडला चेंडू लागला रे लागला की याचं बोट वर. एकदा तर चेंडू खांद्याला लागला होता, तरी एलबीडब्ल्यू! त्यामुळे अश्विन खेळणार म्हटलं की समोरचा संघच हट्ट धरायचा. या वेळीही शहरातल्या क्लबचा कॅप्टन टिकाराम अडून बसला होता, "अंपायर प्रेमलालकाकाच पायजे, नाहीतर आमी मैदानात उतरत नाही." फलंदाजाच्या बापाला विरोधी संघानं आवतण देऊन बोलवावं, हे आमच्या बालाघाटातच घडू शकतं.

"साडेनऊले बाबा मले वापस पाठवतेच," अश्विननं कॅप्टन धर्मेंद्रला सांगितलं. पेपरची गोष्ट त्या एकट्यालाच ठाऊक होती.

"पक्कं ना बे?"

"आठ मॅचमधून सात वेळा पाठवलं. आठव्या वेळी मी रनआउट झालतो."

"मंग काकालेच सांगून दे ना सरळ. पेपर हाये म्हणा."

"पागल झाला का? मी पास झालो म्हणून सांगतलं ना घरी! बाबांनं अख्ख्या कॉलनीत पेढे वाटले. एकशे चाळीस घरं!"

त्या पेढ्यांतले चार धर्मेंद्रनंही खाल्ले होते.

अश्विनला एक गोष्ट मात्र ठाऊक नव्हती. आदल्याच दिवशी तिरोडीला त्याच्या आईनं, शेवंताबाईनं, नवऱ्याला जेवताना धारेवर धरलं होतं.

"साऱ्या जिल्ह्याच्या पोराईले संशयाचा फायदा देता, मंग माह्याच पोरानं काय घोडं मारलं तुमचं?"

"लोक काय म्हणतीन, शेवंता?"

"मंग उद्यापासून लोकाईच्याच घरी जेवा."

प्रेमलालनं हातातला घास हातातच ठेवून विचार केला. बाई बोलते ते कायद्याला धरून होतं. संशयाचा फायदा फलंदाजाला, आणि पोरगा झाला तरी तो फलंदाजच. त्यानं ताटावरच शब्द दिला, की यापुढे पोराला इतरांसारखंच वागवणार.

सामना नऊला सुरू झाला. दुसऱ्या षटकात टिकारामचा चेंडू धप्पकन अश्विनच्या पॅडवर बसला. क्लबचे अकराही जण ओरडले. अश्विननं बॅट काखेत मारली आणि हातमोजे काढत तो तंबूकडे निघालासुद्धा.

"नॉट आउट," प्रेमलाल म्हणाला.

टिकारामचा चेहरा बघवत नव्हता. "काका, तुमची तब्येत बरी हाये ना? बराबर स्टंपासमोर होता!"

"संशय आहे."

"बाबा, मले त नाही आहे संशय," अश्विन कळवळून म्हणाला.

"तू बॅटिंग कर."

तेव्हा अश्विननं ठरवलं, की बाप काही उपयोगाचा नाही, आपलं मरण आपणच ओढवून घ्यायचं. पुढचा चेंडू त्यानं डोळे मिटून उंच हाणला. तो सीमेपलीकडे जाऊन पडला. त्याच्या पुढचा तर त्याहून लांब गेला. एरवी पोरगा जपून खेळायचा, चुकायची भीती असायची. आज चुकण्यासाठीच खेळत होता, आणि मेली एक चूक होईना! चेंडू सोडून त्रिफळा उडू द्यावा, तर ते मुद्दाम केलेलं सरांच्या लगेच ध्यानात आलं असतं. मिडऑनला सरळ हातात झेल दिला, तर तिथल्या पोरानं तो पोटावर घेतला आणि मग जमिनीवर. धाव नसताना पळाला, तर जोडीदार धावबाद झाला. दुसऱ्या जोडीदाराचंही तसंच झालं. एकदा बॅट स्टंपाला घासली. बेल हलली, कडेपर्यंत सरकली, आणि तिथंच बसून राहिली. बेलकडे बघून अश्विनला रडू यायचंच बाकी होतं.

दुसऱ्या टोकालाही एक अंपायर होता, घनश्याम. पण तो प्रत्येक अपीलनंतर आधी प्रेमलालकडे बघायचा आणि मग मान हलवायची ती हलवायचा. तेव्हा तिकडूनही आशा नव्हती.

दहा वाजले तेव्हा अश्विनच्या त्रेसष्ट धावा झाल्या होत्या आणि समोर स्वतः धर्मेंद्र येऊन उभा राहिला होता.

"धर्मा, दहा वाजले बे! मी काय करू आता?"

"अजून पाच ओव्हर थांब ना भाऊ. तू गेला का आपण सारेच गेलो. आन् तिकडं पाय जरा, मोतीलाल सर लिहून राह्यले."

खरोखरच मोतीलाल सरांनी खुर्ची मांडवाच्या सावलीतून उचलून उन्हात आणली होती, नीट दिसावं म्हणून. अश्विन हरखला, आणि हरखल्याबरोबर घाबरला. हाच माणूस उद्या निकाल बघणार होता.

सव्वादहाला त्यानं शेवटचा उपाय काढला. धाव घेता घेता पोटरी धरून खेळपट्टीवर आडवा झाला आणि विव्हळायला लागला. दुखापत झाली की कोणी कारण विचारत नाही, उचलून नेतात, असा हिशेब. पण उचलायला कोणी यायच्या आत प्रेमलालच धावत आला, गुडघे टेकून बसला, पोराचा बूट काढून पाय मांडीवर घेतला आणि साऱ्या मैदानादेखत पोटरी चोळू लागला. आजवर या माणसानं मैदानावर पोराला नावानंसुद्धा हाक मारली नव्हती.

"कुठं दुखते रे?"

"सारंच दुखते, बाबा. जाऊ का मी आत?"

"कायले? मागच्या साली अंगात ताप होता, तरी जाऊन फिजिक्सचा पेपर देलता का नाही? पास झाला का नाही? मंग? ऊठ."

अश्विनच्या पायाचं दुखणं तिथल्या तिथं थांबलं. दुसरीकडेच कुठेतरी सुरू झालं. तो उठला, बूट घातला, आणि पुढच्या चेंडूवर चौकार बसला.

दहा पन्नास. धावा एक्याण्णव. परीक्षेच्या फाटकातून साडेअकरापर्यंत आत घेतात, त्यानंतर नाही. धर्मेंद्र फलंदाजीला होता आणि अश्विन अंपायरच्या शेजारी, बापापासून दोन हातांवर. गोलंदाज टिकाराम मागे चालत जात होता. आता गप्प राहण्यात काही शिल्लक उरलं नव्हतं.

"बाबा."

"क्रीजमध्ये राह्य."

"बाबा, मी फिजिक्समध्ये नापास झालतो."

टिकारामनं चेंडू टाकला. प्रेमलालनं दोन्ही हात पसरले. वाइड होता तो.

"मागच्या साली?" हात खाली घेत त्यानं विचारलं.

"हौ. आज अकरा वाजता पेपर हाये. शेवटचा चान्स. नाही देला त सारं खतम, बाबा. शिबिर बी, कॉलेज बी. आन् मैदान सोडून गेलो त सर कारण विचारतीन, आन् नाव कापतीन."

"पेढे वाटले मी."

"हौ."

"एकशे चाळीस घरात."

"हौ, बाबा. मले आउट द्या."

प्रेमलालनं पोराकडे बघितलंच नाही. डोळे समोर, पाठ ताठ. "आउट असशीन त देईन," एवढंच म्हणाला. तेवढ्यात धर्मेंद्रनं चेंडू ढकलला आणि धावून एक धाव घेतली. अश्विन समोरच्या टोकाला पोचला. त्याच्या धावा एक्याण्णवच होत्या. वाइडमुळे आणि धर्मेंद्रच्या धावेमुळे धावफलक तेवढा दोननं हलला होता, पण अश्विनचं त्यात लक्ष नव्हतं.

टिकाराम धावत आला. चेंडू हातातून निसटला आणि लेगच्या बाहेर, चांगला हातभर बाहेर पडून अश्विनच्या पॅडला लागला. तिथून स्टंपाला लागायचं तर त्या चेंडूला वैनगंगेला वळसा घालून यावं लागलं असतं. टिकारामनं नुसत्या सवयीनं "हाऊ..." केलं, आणि स्वतःचीच लाज वाटून अर्ध्यात थांबला.

प्रेमलाल उभा होता. त्यानं स्टंपांकडे बघितलं. मग बाहेर, चेंडू पडला होता त्या जागेकडे बघितलं. तोंड असं झालं होतं, जसं कोणी कडू औषध पाजलंय आणि थुंकायची सोय नाही. आणि मग हळूहळू त्याचं बोट वर गेलं.

"काका, तो त बाहेर..." टिकाराम बोलून गेला आणि त्यानं जीभ चावली.

मग जो गलका झाला तो विचारू नका! "माणूस नाही हो, देव आहे देव! शंभरीले नऊ रन कमी, आन् सख्ख्या पोराले आउट देते!" कोणी टाळ्या पिटल्या, कोणी शिट्ट्या. टिकारामनं येऊन प्रेमलालच्या पायाला हात लावला. तिकडे मोतीलाल सर खुर्चीवरून ताडकन उठले. "ये बाप है कि कसाई? इस लड़के को मैं ले जा रहा हूँ. कम से कम इस आदमी से तो छूटेगा!" असं म्हणून त्यांनी वहीत अश्विनचं नाव लिहिलं आणि खाली दोन रेघा ओढल्या. आजवर प्रेमलालनं पोराची बाजू एकदाच घेतली, आणि नेमक्या त्याच दिवशी साऱ्या बालाघाटनं त्याच्या इमानदारीच्या नावानं टाळ्या वाजवल्या. तो बिचारा मान खाली घालून षटकातले चेंडू मोजायला ठेवलेले खिशातले खडे मोजत राहिला.

अश्विन ऑटोत पॅडसकट बसला. फाटकावर पोचला तेव्हा अकरा वाजून बावीस मिनिटं झाली होती. आतल्या मास्तरांनी आधी त्याला पॅड काढायला लावले, मग बसू दिलं. पाच प्रश्न होते. दोन आले. तिसरा अर्धा आला. चौथा थर्मोडायनॅमिक्सचा, तो त्यानं वाचला आणि तसाच सोडून दिला. रात्री बॅटला तेल पाजण्याऐवजी ते प्रकरण वाचलं असतं तर, हा विचार करण्यात पाचवाही गेला.

संध्याकाळच्या गाडीनं बापलेक तिरोडीला निघाले. कटंगी येईपर्यंत प्रेमलाल खिडकीबाहेरच बघत होता.

"पेपर कसा गेला?" त्यानं शेवटी विचारलं.

'छान' हा शब्द अश्विनच्या ओठांपर्यंत तयार होऊन आला होता. गेल्या वर्षी हाच शब्द किती सहज बाहेर पडला होता. या वेळी मात्र तो गिळावा लागला. "दोन आले, बाबा. एक अर्धा."

"पास व्हायले किती पायजे?"

"तीन."

"मी आज बेइमानी केली," प्रेमलाल म्हणाला, आणि त्यानं तोंड पुन्हा खिडकीकडे फिरवलं. मारलं असतं तर बरं झालं असतं, असं अश्विनला वाटलं.

घरी बातमी आधीच पोचली होती. शेवंताबाईनं पोराला गरम भात वाढला आणि नवऱ्यापुढं ताट आदळलं. त्यात सकाळचा भात होता.

"एक्याण्णववर! मी काय सांगतलं होतं तुमाले? एवढासाक बी संशय नव्हता का मनात?"

"नव्हता," प्रेमलाल म्हणाला. ते अगदी खरं होतं.

"दगड आहा तुमी, दगड!"

प्रेमलाल मुकाट्यानं गार भात कालवू लागला. अश्विननं ताट सरकवलं, हात धुतले, पिशवीतून फिजिक्सचं पुस्तक काढलं आणि बापासमोर भिंतीला टेकून बसला.

"हे काय नवीन?" शेवंताबाईनं विचारलं. "फिजिक्स त मागच्याच साली झालं ना तुहं?"

अश्विननं बापाकडे बघितलं.

"वाचू दे त्याले," प्रेमलाल म्हणाला आणि त्यानं पाण्याचा तांब्या तोंडाला लावला.

अश्विननं पुस्तक उघडलं. चौथ्या प्रश्नाचं उत्तर समोरच्याच पानावर होतं. सगळं मिळून सहा ओळी.