करामातली बंगाली ग्रामसभा

आमच्या समोरच्या फ्लॅटमधले सुधाकरकाका बंगाली सिनेमातल्या सरपंचाला सोफ्यावरून उठून शिव्या घालतात. अस्सल मराठीत, कारण बंगाली त्यांना अजिबात येत नाही.

काका एकटेच असतात. काकू गेल्या, मुलगा कॅनडात. शनिवारी संध्याकाळी दुबईतल्या करामा भागातल्या आमच्या अख्ख्या मजल्याला त्यांच्याकडे सक्तीचं आमंत्रण. सिनेमा एकाच जातीचा: बंगालमधलं खेडं, ढेरपोट्या सरपंच आणि त्याचे चमचे.

"काका, मराठी लावा ना," मी एकदा म्हटलं.

"मराठीत आमच्या गावचे एकेक चेहरे आठवतात रे, बीपी वाढतं. बंगालीत निवांत हसता येतं."

"अंकल, ॲटलीस्ट सबटायटल्स?" माझी मुलगी.

"कशाला? पुढाऱ्याचं भाषण कुठल्याही भाषेत कळतं. ऐक, म्हणतोय, हातपंप मी बसवला, पाणी विरोधकांनी पळवलं. खलास! ठराव मंजूर!"

एका शनिवारी वरच्या मजल्यावरचे दासबाबू आईला घेऊन आले. माशीमा, म्हणजे बंगालीत मावशी, सगळे त्यांना तसंच म्हणायचे; बंगालमधल्या गावाहून लेकाकडे आलेल्या. दिवसभर बंद फ्लॅट, बोलायला कुणी नाही. काकांचं भाषांतर जोरात सुरू होतं. दासबाबूंना राहवेना.

"अंकल, वो ऐसा नहीं बोल रहा. उसकी बकरी खो गई है."

काका जराही डगमगले नाहीत. "बकरीच! पण विरोधी पक्षात गेलेली."

दासबाबूंनी हे आईला बंगालीत सांगितलं. माशीमा इतक्या हसल्या की कवळी काढून हातात धरावी लागली.

"यहाँ आने के बाद माँ पहली बार हँसी है," दासबाबू हळूच म्हणाले.

मग दर शनिवारी माशीमा सगळ्यांत पुढच्या खुर्चीत. त्या सरपंचाची बाजू घ्यायच्या, काका बकरीची. कडाक्याचं भांडण, अर्धं बंगालीत, अर्धं मराठीत. दोघांनाही दुभाष्या चालायचा नाही.

व्हिसा संपला, माशीमा परत गेल्या. त्या शनिवारी काकांचं बोलावणंच आलं नाही. मी जाऊन बेल वाजवली.

"श्श! बस. सभा चाललीय."

साखरेच्या डब्याला फोन टेकवलेला. व्हिडिओ कॉलवर माशीमा त्यांच्या अंगणातून समोरच्या मैदानावरची खरीखुरी ग्रामसभा दाखवत होत्या. माइक किंचाळत होता आणि काका इथून त्या सरपंचाला झोडपत होते.

सभा उठली. माशीमांचा चेहरा फोनवर आला. त्यांनी घास घेतल्यासारखी बोटं जुळवून तोंडाशी नेली आणि काहीतरी विचारलं.

काकांनी घड्याळाकडे पाहिलं.

"नाही अजून," ते मराठीतच म्हणाले. "बसतो आता."

आणि त्यांनी फोनसमोरच ताट वाढून घेतलं.