अकिंबो

“कमरंवर हात ठिवून हुबं ऱ्हाऊ नगं, घराला लागतंय,” असं शेजारच्या चंद्रव्वांनी मला लग्न होऊन आले तेव्हाच बजावलं होतं. मी पुण्याला कॉलेजात तीन वर्षं काढलेली; हसून सोडून दिलं.

यंदा मे महिन्यात सोलापुरात लष्करी कायदा आला. शाळा बंद, तरी यांची मॅट्रिकच्या चार मुलांची शिकवणी घरी चालूच होती. इंग्रजीच्या धड्यात ‘अकिंबो’ शब्द निघाला आणि यांनी मला कोश बघायला लावला. मी चुलीपुढूनच वाचून दाखवलं: दोन्ही हात कमरेवर, कोपरं बाहेर. जुन्या इंग्रजीत ‘केनेबो’सारखं काहीतरी लिहीत, मुळात तीव्र बाक असा अर्थ असावा, पण खात्री कुणालाच नाही.

खात्री नाही म्हटल्यावर हे अस्वस्थ झाले. “मूळ राहू दे, आकार तरी पक्का करू,” म्हणाले आणि मुलांना उभं केलं. खोलीत कोपरं एकमेकांना लागू लागली. म्हणून सगळ्यांना बाहेर ओट्यावर नेलं. चौघं रस्त्याकडे तोंड करून, मधोमध हे. आमची चार वर्षांची अनसूयाही कडेला जाऊन तशीच उभी राहिली. मी तिला आत ओढणार, तोच गल्लीत गस्त शिरली.

गोरा सार्जंट थबकला. एरवी त्याला बघून लोक दारं लावून घेत. हा मुजोरपणा कसला, असं त्यानं हवालदाराकरवी विचारलं. यांनी हवालदाराला थांबवून थेट इंग्रजीत सुरुवात केली. जुनं रूप सांगितलं, बाक सांगितला, विद्वानांचे मतभेद सांगितले. सार्जंटनं तो शब्द कधी ऐकलेला नाही, हे मला दाराआडूनही कळत होतं. मी खुणा करत राहिले. शेवटी त्यानं दोन्ही हात कमरेवर ठेवून यांच्यावर डोळे रोखले.

“बाबा, तोपण अकिंबो,” अनसूया म्हणाली.

तेव्हा तरी गप्प बसायचं. पण पंधरा वर्षांची मास्तरकी. यांनी त्याला निरखून पाहिलं, “बरोबर,” म्हणाले, आणि मग त्यालाच अगदी अदबीनं डावं कोपर जरा बाहेर घ्यायला सांगितलं.

मुलांना हाकलून दिलं, यांना नेलं. पुरावा म्हणून कोशही नेला.

आज चौथा दिवस. कुणी म्हणतं, चौकीत यांना दिवसभर तसंच, कोपरं काढून, उभं ठेवतात. यांची कंबर आधीच धरते. मला फाटकापाशी थांबू देत नाहीत, आणि अनसूयाला घरी एकटी टाकवत नाही. तुमचं कुणाचं त्या बाजूला जाणं झालं तर बघा हो: उंच, काळा कोट, चालताना किंचित वाकतात. बाकी काही विचारू नका. बसायला देतात का, तेवढं मला येऊन सांगा.