उकंडा मिस्त्रीचं लॅगिंग

उकंडा मिस्त्रीकडे चहा प्यायचा म्हणजे आधी कपाचे कपडे काढावे लागत. कपाला गोणपाटाची कुंची, किटलीला जुन्या रजईची बंडी, आणि दुधाच्या पातेल्याला तर त्याचा स्वतःचा बाह्या कापलेला कोट. कुंची उतरवून, बंडीच्या गुंड्या सोडवून चहा ओठाला लागेपर्यंत दुसऱ्या कोणाचाही चहा निवला असता. मिस्त्रीचा निवत नसे. पाहुण्याची जीभ भाजली की तो समाधानानं मान हलवी आणि एकच शब्द बोले, "लॅगिंग."

मिस्त्री आमचा कारंजा गावातला शेजारी. मी शाळामास्तर, तो कापसाच्या जिनात, म्हणजे सरकी काढायच्या कारखान्यात, बॉयलरवरचा आगवाला. जिन उभं राहिलं तेव्हा मुंबईहून एक फिटर आला होता. त्याच्या हाताखाली मिस्त्रीनं माती, बकऱ्याचे केस आणि कापसाचा कचरा कालवून बॉयलरवर जाड लेप चढवला, त्यावर गोणपाट गुंडाळलं आणि चुना मारला. आतली ऊब आत राहावी म्हणून बॉयलरला आणि वाफेच्या नळांना जे असं पांघरूण घालतात त्याला लॅगिंग म्हणतात, एवढं सांगून फिटर मुंबईला परत गेला. शब्द मात्र मिस्त्रीकडे राहिला, आणि मिस्त्रीनं तो इतका वापरला की फिटरला पुन्हा भेटता तर ओळखू आला नसता.

घोंगडी म्हणजे लॅगिंग. बैलाची झूल म्हणजे लॅगिंग. भाकरीवरचं फडकंही लॅगिंगच. हिवाळ्यात मी मफलर गुंडाळून शाळेला निघालो की तो अंगणातून विचारी, "मास्तर, आज डोक्याले लॅगिंग?" रागाच्या भरात भडाभडा बोलून मोकळा होणारा माणूस त्याच्या लेखी ‘बिनलॅगिंगचा’. आमच्या हेडमास्तरांचं पोट बरंच सुटलेलं होतं. त्यांच्याविषयी मिस्त्रीचं मत असं की, देवानं लॅगिंग झकास मारलं, पण आत बॉयलर बसवायचा राहून गेला. हे मत मी हेडमास्तरांना कधी कळवलं नाही, पण त्यांच्यासमोर उभा राहिलो की मला ते हमखास आठवे.

एवढा सैल हात असलेला माणूस एका बाबतीत मात्र भलता सोवळा होता. जिनातला इंजिन चालवणारा एकदा म्हणाला की, रांजणाभोवतीचं ओलं फडकं हेही लॅगिंगच. मिस्त्रीला ते सोसलं नाही. ओल्या फडक्यानं पाणी गार होतं, म्हणजे फडकं काहीतरी करतं. आणि लॅगिंगनं काही करायचं नसतं.

"लॅगिंग गरम करत नाई, थंड करत नाई," तो म्हणाला. "जे हाये ते राहू देते."

यावरून दोघांची बोलाचाली बंद झाली ती कापसाचा हंगाम संपेपर्यंत. एक इंजिनाकडे तोंड करून बसे, दुसरा बॉयलरकडे.

त्याच्या या वेडाचं मूळ मी त्याच्या नावात शोधलं होतं. आमच्याकडे मुलं जगत नसली की पुढचं मूल जन्मल्याबरोबर उकिरड्यावर लोळवून आणतात आणि नाव ठेवतात उकंडा. असलं टाकाऊ पोर कशाला न्यायचं म्हणून मृत्यू ते सोडून देतो, असा हिशेब. आता शेणखताचा ढीग आतून किती उबदार असतो ते शेतकऱ्याला विचारा. जगात आल्याबरोबर पहिली गादी ती मिळाल्यावर माणूस आणखी कशाच्या मागे लागणार? हा माझा सिद्धांत मी त्याला ऐकवला. तो म्हणाला, "असंन बाप्पा. लेप चांगला व्हता, म्हून मी राह्यलो."

त्याचं काम चोख होतं. जरा जास्तच चोख होतं, आणि तीच पंचाईत होती. जिनाच्या मालकांच्या मुलीचं लग्न भर वैशाखात निघालं. सरबतासाठी अकोल्याहून बर्फाची लादी भुशात घालून आणली आणि लग्नाच्या मुहूर्तापर्यंत ती सांभाळायचं काम अर्थातच मिस्त्रीकडे आलं. त्यानं लादीला भुसा दिला, कापूस दिला, गोणपाट दिलं, आणि एवढ्यानं मन भरेना म्हणून वरून माती-चुन्याचा लेप देऊन लादी सावलीत नेऊन ठेवली. लग्न लागलं. वऱ्हाडी मंडळी घामाघूम होऊन सरबताची वाट बघत बसली. इकडे वैशाखातल्या झळांनी लेप दगडासारखा वाळला होता. आधी पहार आणली, मग घण आणला, शेवटी लोहाराला बोलावणं गेलं. तोवर पाहुण्यांनी विहिरीच्या पाण्याचं सरबत पिऊन निरोप घेतला होता. दुसऱ्या दिवशी लेप फुटला तेव्हा आत लादी जशीच्या तशी. मालक चिडून बोलायला लागले, तर मिस्त्री त्यांना हात धरून लादीपाशी घेऊन गेला आणि म्हणाला, कुठं वितळली असंन तं दाखवा.

अशा माणसाचा संसार कसा झाला असेल, असं आम्हाला वाटे. संसार फार दिवस झालाच नव्हता. बायको गेली तेव्हा मुलगी, वेणू, नुकती चालायला लागली होती. तिला त्यानं एकट्यानं वाढवलं, धनजच्या एका बऱ्या शेतकरी घरात दिली आणि तेव्हापासून घरात तो आणि कपडे घातलेली भांडी एवढेच उरले. मुलीबद्दल तो फारसं बोलत नसे. सासरी जाताना तिच्या गाडीत त्यानं गवताची इतकी जाड गादी रचली होती की नवरी पाहुण्यांना दिसेना, एवढंच मला आठवतं.

दसऱ्याच्या सुमारास धनजहून निरोप आला की वेणूला दिवस गेले आहेत आणि पुसात, म्हणजे पौषात, बाळंत होईल. पहिलं बाळंतपण माहेरचं. मिस्त्रीनं त्याच दिवशी धनज गाठलं आणि संध्याकाळी परत आला तो खाली मान घालून. विहीणबाईंनी साफ नकार दिला होता. घरात बाईमाणूस नाही, पोरीला कोणाच्या भरवशावर धाडू, असा त्यांचा सवाल होता, आणि त्यात खोटं काही नव्हतं. मिस्त्रीनं पुष्कळ विनवण्या केल्या तेव्हा त्या एवढंच म्हणाल्या की, मी येऊन घर बघीन, मग ठरवीन.

त्या दिवसापासून मिस्त्रीनं दुसरा विचार केला नाही. त्याचं घर म्हणजे एक खोली आणि पुढं ओसरी. जिनातून आला की तो त्या खोलीच्या मागं लागे. भिंतींना आतून माती, कुटार म्हणजे धान्याचा भुसा, आणि केसांचा थर दिला. छपराखाली कापसाचा कचरा भरून गोणपाट ताणलं. दाराला रजई ठोकली. एकुलती एक खिडकी होती, ती लिंपून टाकली. कुठं मुंगी जाईल एवढी फट राहिली तरी तो चिखलाचा गोळा घेऊन धावे. बाकीच्या वेळात तो सुईणीच्या घरी जाऊन बसे आणि बाळंतिणीला काय द्यायचं, काय नाही, ते तिच्याकडून पाठ करून घेई. डिंकाचे लाडू त्यानं स्वतः वळले. चव घ्यायला म्हणून मला एक दिला, आणि माझ्या एका दाढेला अजून त्या लाडवाची आठवण आहे.

खोली पुरी झाल्यावर त्यानं आत शेगडी ठेवली, बाळंतिणीला देतात तशी ओवा-शेपांची धुरी घातली आणि दार लावून स्वतः बसून पाहिलं. थोड्याच वेळात तो खोकत, डोळे चोळत बाहेर पडला आणि अंगणात लोळला. आमच्या घरातून, म्हणजे आमच्या सौभाग्यवती, पाणी घेऊन धावल्या. त्यांना हसू आवरेना आणि रागही आवरेना.

"अहो मिस्त्रीभाऊ, बाळंतीण येणार आहे, बॉयलर नाही," त्या म्हणाल्या. "तिला श्वास नको का घ्यायला?"

छपराजवळ एक झरोका पाडायला त्यांनी त्याला लावलंच. पाडताना त्याचा चेहरा असा झाला होता की जणू स्वतःच्या तोंडातला दात काढतोय.

पुसाच्या तोंडावर विहीणबाई बैलगाडीतून आल्या. पन्नाशीची, सडसडीत, कमी बोलणारी बाई. गार वारा सुटला होता आणि गाडीत त्या काकडून गेल्या होत्या. मिस्त्रीनं त्यांना सांगायचं म्हणून बरंच पाठ करून ठेवलं होतं, पण त्यांना पाहिल्यावर त्यानं गाडीचे बैलच सोडायला घेतले. आमच्या घरातून त्यांना खोलीत घेऊन गेल्या. त्यांनी भिंती बघितल्या, खाट दाबून पाहिली, लाडवाचा डबा उघडला आणि लगेच झाकला. मग म्हणाल्या, जरा टेकते. आम्ही दार ओढून घेतलं.

बाई बाहेर येईनात. ओसरीवर मिस्त्री उठे, बसे, झरोक्याकडे बघे. आमच्या घरातून शेवटी आत डोकावल्या आणि ओठावर बोट ठेवून परत आल्या. विहीणबाईंना गाढ झोप लागली होती.

दिवस कलल्यावर त्या बाहेर आल्या. डोळे सुजलेले होते, ते नुसत्या झोपेनं नव्हे हे कळत होतं. त्या ओसरीच्या कडेला बसल्या. मिस्त्री समोर उभा होता, हात जोडायचे की नाही ते न कळून एकच हात वर धरलेला.

"भाऊ, मले बी माय नव्हती," त्या म्हणाल्या. "मंग माहेरी कोन नेते? माह्यं पयलं बाळतपन सासरी झालं, ढोराच्या कोठ्यात. असाच पूस व्हता. लेकरू हिवानं गेलं."

मिस्त्रीचा वर धरलेला हात हळूहळू खाली आला.

"वेणूले धाडीन," त्या म्हणाल्या. "अन् बाईमानूस नाई म्हनलं व्हतं मी, तं मी बी तिच्यासंगं राहीन. या खोलीत."

मिस्त्री आत गेला, त्यांच्यासाठी चहा घेऊन आला, आणि आयुष्यात पहिल्यांदा कपाला कुंची घालायला विसरला.

ठरल्याप्रमाणे वेणू आली आणि पुसाच्या ऐन कडाक्यात तिला मुलगी झाली. बाळ-बाळंतीण खुशाल होती. खोलीत वेणू, विहीणबाई आणि ते एवढंसं पोर. बाळंतिणीच्या खोलीत पुरुषमाणसानं जायचं नाही. म्हणजे सगळं घर ऊबदार करून ठेवणाऱ्या माणसाला घरात जागा नव्हती. खोली बांधताना स्वतः कुठं झोपायचं हा प्रश्न त्याला पडलाच नव्हता, आणि खरं सांगायचं तर आम्हालाही पडला नव्हता.

एके दिवशी पहाटे, जिनाचा भोंगा व्हायच्या आधी, मी आडावर पाणी काढायला निघालो. दवानं अंगण भिजलं होतं. मिस्त्री ओसरीत खोलीच्या भिंतीला तळहात लावून उभा होता. अंगात नुसती बंडी, डोकं उघडं. फेट्याची बाळोती झाली होती आणि घोंगडी आतल्या खाटेवर गेली होती. मला वाटलं थंडीनं त्याला घेरी आली, म्हणून मी धावत गेलो.

"मास्तर," तो म्हणाला, "हात लावून पाहा."

मी भिंतीला हात लावला. दगडासारखी थंडगार भिंत. मी तसं म्हणालो, तर त्याचा चेहरा खुलला.

"वरून थंड लागते म्हंजे आतली ऊब आतच हाये," तो म्हणाला. त्याचे दात वाजत होते. "बाहेर येत असती तं भित कोमट लागली असती. पाहा न, माह्यापरेंत काहीच येऊन नाई राह्यलं."

हे तो अगदी आनंदानं म्हणाला. मी घरात गेलो, माझी स्वतःची घोंगडी काढली आणि त्याच्या खांद्यावर टाकली. त्यानं ती चाचपून पाहिली, लोकर चांगली आहे म्हणाला. मग ती खांद्यावरून काढून, चार पदरी घडी घालून, खाली वाकून खोलीच्या दाराखालच्या फटीत नीट दाबून बसवली, आणि परत येऊन भिंतीला हात लावून उभा राहिला.