साळूबाईची खुर्ची

दुसऱ्या बाजूचं म्हणणं ऐकल्याशिवाय निकाल द्यायचा नाही, हे न्यायाचं आद्य तत्त्व इंद्रजीत साहेबांनी सबंध नोकरीत एकदाही मोडलं नव्हतं. ऐकल्यावर त्या म्हणण्याचं काय करायचं, याबद्दल तत्त्वात काही सांगितलेलं नसल्यामुळे ते पाळणं फारसं जडही गेलं नव्हतं.

छत्रपती संभाजीनगरात नागरिकत्वाच्या तंट्यांसाठी नवं न्यायपीठ बसलं, तेव्हा साहेबांनी आधी शहागंजातून दोन खुर्च्या मागवल्या. एकाच मापाच्या, एकाच रंगाच्या, डुगडुगणाऱ्याही सारख्याच. एक या पक्षाला, एक त्या पक्षाला. "न्याय नुसता होऊन भागत नाही," ते शिपाई पुंडलिकला म्हणाले, "तो बसलेला दिसला पाहिजे."

लासूर स्टेशनच्या मुक्ताबाईंचं प्रकरण तसं साधं होतं. ही बाई इथली नाही, असा कुणीतरी निनावी अर्ज केला होता. मुक्ताबाईंच्या जन्माची नोंद कुठंच सापडेना. नोंद नाही म्हणजे जन्म इथला नाही, आणि जन्म इथला नाही तर बाईला उचलून परकीयांच्या छावणीत ठेवायचं. मुक्ताबाईंना छावणीचं एवढं भय नव्हतं. पण घरी त्यांचे म्हातारे यजमान रामकिसन डोळ्यांनी अधू होते. भाकरी कुठं, कालवण कुठं, हे मुक्ताबाई सांगत, तेव्हा त्यांचा घास तोंडाशी जाई.

"साहेब, जन्माची नोंद आहे," मुक्ताबाईंचे वकील राजकुमार म्हणाले. "सोयगावला आहे. पण साळू या नावानं. लग्नात नाव बदललं."

"पुरावा?"

"तांदळात लिवलं की," मुक्ताबाईच बोलल्या. "ताटात तांदूळ पसरले, मालकांनी अंगठीनं नाव काढलं, मुक्ता. साऱ्या मांडवानं बघितलं."

"ते तांदूळ हजर करा."

"शिजवले, साहेब. वऱ्हाड लई होतं."

साहेब लेखनिकाकडे वळले. "मूळ दस्तऐवज पक्षकाराच्या नातलगांनी संगनमताने खाल्ला, अशी नोंद घ्या."

एखाद्या उतावळ्या अधिकाऱ्यानं इथंच निकाल देऊन टाकला असता. इंद्रजीत साहेब उतावळे नव्हते. त्यांच्या लक्षात आलं की मुक्ताबाई दुसऱ्याच एका बाईच्या जन्मावर हक्क सांगते आहे. साळूबाईचा जन्म परस्पर मुक्ताबाईच्या नावावर चढवला, तर त्या बिचाऱ्या साळूबाईवर केवढा अन्याय! तिचं ऐकलंच पाहिजे. तिला नोटीस गेलीच पाहिजे.

पुंडलिक नोटीस घेऊन सोयगावला गेला. साळूबाईचा भाऊ बन्सी ओट्यावर बसला होता.

"साळू? ती तर लासूरला दिलेली," तो म्हणाला.

पुंडलिकनं अहवाल दिला, 'सदर महिला लासूर येथे देऊन टाकल्याचे समजते.' मग नोटीस लासूरला गेली. मुक्ताबाईंनी दार उघडलं आणि हात पुढं केला.

"तुम्हाला नाय देता येत, मावशी. तुम्ही विरुद्ध पार्टी."

"अरे बाबा, माझ्याच नावाची हाय ना?"

"नावाची असंल. पण तुमची नाय."

पुंडलिकनं नोटीस दाराला चिकटवली, आणि मुक्ताबाईंनीच दिलेला चहा पिऊन तो परत आला.

सुनावणीच्या दिवशी त्यानं दारातून पुकारा केला, "साळूबाई हाजिर हो!"

"व्हय, हाय की इथंच!" मुक्ताबाई उठल्या.

"बसा," साहेब म्हणाले. "दुसऱ्याच्या नावानं हजर होणं गुन्हा आहे. या वेळी समज देऊन सोडतो."

मुक्ताबाई बसल्या. मांडीवरची भाकरीची पिशवी त्यांनी शेजारच्या रिकाम्या खुर्चीवर ठेवली. साहेबांनी तीही उचलायला लावली. "ती साळूबाईंची जागा आहे. गैरहजर माणसाच्या हक्कावर अतिक्रमण मी चालू देणार नाही."

राजकुमार वकिलांनी साळूबाईंचंही वकीलपत्र घ्यायची तयारी दाखवली. दोन्ही बाजूंना एकच वकील! साहेबांनी त्यांना सनदेची आठवण करून दिली. मग रिकाम्या खुर्चीकडे वळून त्यांनी आपुलकीनं विचारलं, "आपल्याला काही म्हणायचंय?" ते थांबले. पंखा फिरत राहिला. 'पुरेशी संधी देऊनही मौन,' लेखनिकानं टिपून घेतलं.

निकाल तर्कशुद्ध होता. साळूबाई सोयगावी जन्मली, सबब तिचं नागरिकत्व निर्विवाद. मुक्ताबाई मात्र विवाहाच्या दिवशी, चांगली हातीपायी धड, वयात आलेली, मांडवात प्रथमच आढळून आली. त्याअर्थी तिनं त्याच दिवशी देशात प्रवेश केला. साळूबाई शेवटची दिसली तीही त्याच मांडवात. मुक्ताबाईनं तिचं काय केलं, याचा पोलिसांनी स्वतंत्र तपास करावा.

"आम्ही अपील करू," राजकुमार म्हणाले.

"जरूर करा. अपिलाचा हक्क प्रत्येक नागरिकाला आहे. तुमच्या पक्षकार नागरिक नाहीत."

"मग साळूबाई करतील."

"त्या तर जिंकल्या. जिंकलेल्याला कसलं अपील, वकीलसाहेब?"

मुक्ताबाईंना यातलं एवढंच कळलं की खाली जीप उभी आहे.

"साहेब, म्हाताऱ्याला जेवायला कोण घालील?"

"हा मुद्दा साळूबाईंनी मांडायला हवा होता," साहेब म्हणाले, आणि त्यांना मनापासून वाईट वाटलं. एवढी संधी देऊनही ती बाई फिरकली नव्हती.

घरी जेवायला बसल्यावर त्यांनी बायकोला सगळं सांगितलं. खुर्च्यांचंही सांगितलं. मंजुषाबाई वाढता वाढता ऐकत होत्या.

"माझं आधीचं नाव आठवतंय तुम्हाला?"

साहेबांनी प्रामाणिकपणे आठवून पाहिलं. मांडव आठवला, अंगठी आठवली, ताटही आठवलं.

"तू कधी बोलली नाहीस."

"तुम्ही कधी विचारलं नाहीत."

साहेबांनी ताट पुढं ओढलं. भात होता. आज तुमच्या घरीही तोच असेल.