इंग्रजी मूळप्रतीचे वर्तमान

श्रीवाग्देवी लेखणीस बळ देवो. शके सोळाशे एक्क्याऐंशी, प्रमाथीनाम संवत्सर, ते साली समुद्रापलीकडील एका दौलतीत जे गुजरले ते जैसे ऐकिले तैसे लिहिले असे. राजाचे नाव लिहिण्याचे प्रयोजन नाही. लोक फरांसीस, आणि खाडी ओलांडली की इंग्रज, आणि उभयतांचे युद्ध तीन वर्षे चालिले होते. परंतु तोफा एकमेकांवर डागाव्या आणि कादंबऱ्या एकमेकांच्या वाचाव्या, ऐसा तेथील प्रकार. इंग्रजांकडील पत्ररूप कथांचे फरांसिसांस वेड लागले, आणि ज्या पुस्तकावर 'इंग्रजीवरून उतरविले' ऐसे छापिले ते हातोहात जाऊ लागले. त्या शहरी ओर्तांस नामे विधवा बाई राहात होत्या. त्यांची धाकटी बहीण ल्युसील, तिजला एका थोर उमरावाने लग्नाचे वचन दिल्हे, आणि मग मन विटले तेव्हा राजमुद्रेचा कागद मिळवून तिजला डोंगरातील जोगिणींच्या मठात कोंडून टाकिले. चार वर्षे जाहली, भेट नाही. ओर्तांसबाईंनी दाद मागितली, कोणी ऐकेना. मग त्यांणी बहिणीची हकीकत पत्रांची कादंबरी करून लिहिली, आणि उमरावाचा इंग्रज लॉर्ड केला, आणि मठाची रानातील हवेली केली, आणि शेवटी मुलगी सुटून जाते ऐसे घातले, आणि 'कोणा इंग्रज बाईचे पुस्तक' ऐसे वर लिहून ग्रेग्वार छापखानेवाल्याकडे दिल्हे. पुस्तक घरोघर वाचिले गेले. उमरावानेही वाचिले, आणि आपणास ओळखिले.

मग फिर्याद जाहली, आणि ग्रेग्वारास धरून बुरुजात ठेविले, आणि सरकारचे ग्रंथतपासनीस दुव्हाल यांणी बाईस बोलाविले. दुव्हाल मोजके बोलणारे, इंग्रजी उत्तम जाणणारे. म्हणाले, "बाई, मूळ इंग्रजी असेल तर लॉर्ड इंग्रजांचा, उमरावांस बोलण्यास जागा नाही. मूळ नसेल तर पुस्तक तुमचे, आणि बदनामीही तुमचीच. छापणारा कैदी होऊन गलबतावर वल्ही मारील, तुम्ही बुरुजात जाल. मूळ कोठे आहे?" बाई बोलिल्या, "हस्तलिखित आहे. लढाईपूर्वी आलेले." दुव्हाल म्हणाले, "बारा दिवसांत हजर करा."

शहरात फेलिम ओगारा नामे वृद्ध आयरिश पंतोजी होते, धर्मापायी देश सोडून आलेले. बाईंस इंग्रजी त्यांणीच शिकविली होती. बाईंनी त्यांजपाशी जाऊन सर्व सांगितले. ओगारांनी दाराची कडी लाविली, मग म्हणाले, "मूळ नाही, तर करू. पण सापडलो तर ग्रेग्वारासुद्धा तिघेही गेलो." "मी तुम्हांस भरीस घालीत नाही," बाई बोलिल्या. "घातलेच आहे. आता कागद काढा." मग दिवस उगवला की बसावे आणि मावळला की उठावे, ऐसे चालिले, बाईंनी आपले पुस्तक वाचावे आणि ओगारांनी इंग्रजी करून लिहावे. नववे दिवशी सतरावे पत्र आले आणि लेखणी थांबली. त्या पत्रात मुलगी आपल्या प्रियकरास आजवर 'तुम्ही' लिहीत होती ती प्रथमच 'तू' लिहिते, आणि लिहिताना तिचा हात कापतो. ओगारा म्हणाले, "बाई, येथे आपण मेलो. इंग्रजीत थोरास आणि जिवलगास एकच शब्द. 'तू' होता तो बोलण्यातून गेला. मुळात जे असणार नाही ते तुमच्या पुस्तकात कोठून आले, हे दुव्हाल विचारल्यावाचून राहणार नाहीत." आणि पुस्तक तर छापून गेलेले, एक अक्षर हलविता येईना. दीड दिवस तसाच गेला, जेवण सुचेना. मग ओगारांनी एकाएकी लेखणी बुडविली आणि लिहिले की, आज मी आपला 'लॉर्ड' हा किताब गाळून नुसते नाव लिहिते आहे.

बारावे दिवशी दोघे कचेरीत हजर जाहली. दुव्हाल यांणी दोन्ही प्रती पुढे घेतल्या आणि नेमके सतरावे पत्र काढिले. "छापिल्यात 'तू' आहे, इंग्रजीत नाव आहे. हे का?" बाई म्हणाल्या, "साहेब, इंग्रज मुलीचा हात नाव लिहिताना कापतो. आपल्याकडे नाव लिहिताना कोणाचाही हात कापत नाही, 'तू' लिहिताना कापतो. शब्द ठेविला असता तर मुलगी गेली असती. मी मुलगी ठेविली." दुव्हाल यांणी इंग्रजी प्रतीची पाने उलटिली. त्यांणी शेवटल्या पानावर अंगठा फिरविला आणि अंगठा उजेडात धरून पाहिला. "लढाईपूर्वीची शाई अजून काळीभोर आहे," म्हणाले. ओगारांनी शाईने माखलेली बोटे बाहीत लपविली. मग दुव्हाल यांणी एक कागद पुढे सारिला. "शपथेवर सही करा. या पुस्तकातील एकही शब्द माझा नाही, सारे त्या इंग्रज बाईचे." बाईंनी कागद दोन वेळा वाचिला आणि सही केली. त्याच दिवशी ग्रेग्वार सुटला. दुव्हाल यांणी का सोडिले, ते त्यांणी कोणास सांगितले नाही.

पुढे हिवाळ्यात मठातून घरी परतणाऱ्या एका बाईने ल्युसीलची चिठ्ठी लपवून आणिली. तीत मजकूर की, "ताई, येथे एक पुस्तक चोरून फिरते, ते मी वाचिले. इंग्रजांच्या मुलखातही माझ्यासारखी एक कोंडलेली होती, आणि ती सुटली. आजवर वाटे, हे जगात माझ्या एकटीवरच गुजरले. त्या बाईचा ठिकाणा लागला तर तिला माझा नमस्कार सांग." ओर्तांसबाई कागद घेऊन बसल्या आणि 'ती बाई मीच' ऐसे लिहू लागल्या, आणि अर्ध्यात थांबल्या, खरे कळले तर ल्युसील पुन्हा एकटी पडेल, हे त्यांच्या ध्यानी आले. मग तो कागद फाडिला आणि दुसऱ्यावर लिहिले, "तुझा नमस्कार त्या बाईस पोहोचला. त्या फार वेळ रडल्या."

वर्तमान इतके. उमराव सहा वर्षांनी वारला आणि ल्युसील मठाबाहेर आली; तोवर जी बाई कधी जन्मली नाही तिच्या सोबतीने तिणे दिवस काढिले. लिहिणाराने येथे हात आवरिला असे.